अपील चालू असताना पक्षकार वारला तर: नव्वद दिवसांत काय काय करायचं

"मॅडम, वारस लागले. हे बघा."

समोर बसलेल्या गृहस्थांनी प्लॅस्टिकच्या पिशवीतून सातबाऱ्याचा नवा उतारा काढून टेबलावर ठेवला. वडिलांच्या नावाला कंस पडला होता. खाली आईचं, थोरल्या भावाचं आणि त्यांचं स्वतःचं नाव आलं होतं. त्यासाठी तलाठ्याकडे पाच हेलपाटे झाले होते आणि काम एकदाचं मार्गी लागल्याचं समाधान चेहऱ्यावर दिसत होतं.

मी विचारलं, "कोर्टात अर्ज दिलात का?"

"कोर्टात कशाला? सातबाऱ्यावर आलं ना सगळं."

वडील जाऊन आठ महिने झाले होते. जमिनीच्या वाटपाचा दावा ते खालच्या कोर्टात हरले होते आणि त्यावरचं त्यांचं अपील जिल्हा न्यायालयात होतं. ते अपील पाच महिन्यांपूर्वीच संपलेलं होतं. ते कुणी फेटाळलं नव्हतं, कसला हुकूमही झाला नव्हता. मुदत गेली आणि ते आपोआप संपलं. कोर्टाच्या भाषेत ते 'अबेट' झालं.

वीस वर्षं दिवाणी कामं चालवते आहे. अज्ञानापायी माणसांची सगळ्यात जास्त हानी मी याच ठिकाणी झालेली पाहिली आहे. निकाल विरुद्ध जाणं समजू शकतं. पण बाजू भक्कम असताना, केवळ वेळेत एक अर्ज गेला नाही म्हणून दोन पिढ्यांचं भांडण एका बाजूने निकाली निघावं, हे मला अजूनही सहन होत नाही. म्हणून कोर्टाची पायरी पहिल्यांदाच चढणाऱ्यांसाठी हे सगळं क्रमाने लिहिते आहे.

आधी एवढं समजून घ्या

पक्षकार वारला म्हणून अपील लगेच बुडत नाही. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधली ऑर्डर २२ याच विषयाची आहे. तिचा पहिलाच नियम सांगतो की दाद मागण्याचा हक्क मागे उरत असेल तर मृत्यूमुळे दावा अबेट होत नाही. जमीन, घर, वाटप, मालकी, ताबा, वहिवाटीचा रस्ता हे हक्क माणसाबरोबर जात नाहीत, वारसांकडे येतात. त्यामुळे मिळकतीच्या भांडणात हक्क उरतो का, हा प्रश्न सहसा अडत नाही. अडतं ते दुसरीकडेच: वारसांना वेळेत रेकॉर्डवर आणलं, म्हणजे मयताच्या जागी पक्षकार म्हणून लावलं का?

ऑर्डर २२ मध्ये भाषा 'वादी' आणि 'प्रतिवादी' अशी आहे. नियम ११ मुळे तेच सगळं अपिलालाही लागतं. वादीच्या जागी अपीलकर्ता आणि प्रतिवादीच्या जागी सामनेवाला, म्हणजे रिस्पॉन्डंट, असं वाचायचं.

आणि सातबारा? तो महसूल खात्याचा कागद आहे. फेरफाराची नोंद सारा वसुलीच्या सोयीसाठी असते, तिने मालकी ठरत नाही आणि तिची खबर कोर्टाला आपोआप जात नाही. तहसील आणि कोर्ट ही दोन वेगळी दारं आहेत. एकीकडचं काम झालं म्हणून दुसरीकडचं होत नाही, आणि मुदत चालते ती कोर्टातली.

पायरी १: अर्ज कुणी करायचा ते ठरवा

अपीलकर्ता वारला तर त्याच्या वारसांनी अर्ज करायचा, हे बहुतेकांना कळतं.

सामनेवाला वारला तर? इथे भलेभले चुकतात. "त्यांचे वडील गेले, त्यांचे वारस ते बघतील," असं म्हणून अपीलकर्ता स्वस्थ बसतो. पण सामनेवाल्याच्या वारसांना घाई कशाला असेल? खालच्या कोर्टाचा निकाल त्यांच्या बाजूचा आहे आणि अपील अबेट झालं तर तो कायमच होतो. अपील जिवंत ठेवण्याची गरज अपीलकर्त्याची, म्हणून सामनेवाल्याचे वारस शोधून रेकॉर्डवर आणण्याचं कामही त्याचंच. विरुद्ध बाजूचं माणूस गेल्याचं कानावर आलं की त्याच आठवड्यात वकिलाला सांगा. भाऊबंदकीत बोलणं बंद असलं तरी गावात कोण गेलं हे कळतंच.

मयत पक्षकाराच्या वकिलावरही एक जबाबदारी आहे. १९७६ च्या दुरुस्तीने आलेला नियम १०-अ सांगतो की आपला पक्षकार वारल्याचं कळताच वकिलाने ते कोर्टाला कळवायचं, आणि कोर्ट मग समोरच्या बाजूला नोटीस देतं. व्यवहारात वकील 'मयत झाल्याची पुरसीस' देतात. ही पुरसीस म्हणजे वारसांचा अर्ज नव्हे. ती नुसती खबर असते. "आमच्या वकिलांनी कोर्टात दिलंय कायतरी" असं कुणी सांगितलं तर काय दिलंय ते रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या रोजच्या कामाच्या नोंदीत, बघा. पुरसीस असेल तर मूळ काम अजून बाकी आहे.

दोन्ही बाजूंनी अपिलं केलेली असतील, तर प्रत्येक अपिलात वेगळा अर्ज द्या. एकात दिला म्हणून दुसऱ्यात चालेल अशा भरवशावर राहू नका.

पायरी २: दिवस मोजा

मुदतीचा कायदा, १९६३. अनुच्छेद १२० प्रमाणे वारसांना रेकॉर्डवर आणण्याची मुदत ९० दिवस आहे. अनुच्छेद १२१ प्रमाणे अबेट झालेलं रद्द करून घेण्याची मुदत त्यापुढे ६० दिवस आहे.

हे ९० दिवस मृत्यूच्या तारखेपासून मोजतात. तुम्हाला कधी कळलं, दाखला कधी मिळाला, वकील कधी भेटले, याच्याशी त्या मोजणीचा संबंध नाही. उशिरा कळलं ही उशीर माफ करण्यासाठी सबब होऊ शकते, पण मुदत तेव्हापासून सुरू होत नाही.

उदाहरण घ्या. १ जुलै २०२५ ला, आषाढीच्या पाच दिवस आधी, घरातलं माणूस गेलं. मृत्यूचा दिवस सोडून मोजलं तर ९० वा दिवस २९ सप्टेंबर २०२५. तोवर साधा वारसांचा अर्ज पुरतो. त्यानंतर अपील अबेट झालं. मग २८ नोव्हेंबर २०२५ पर्यंत वारस लावण्याच्या अर्जाबरोबर अबेटमेंट रद्द करण्याचा अर्ज. तीही तारीख गेली, म्हणजे १५० दिवस उलटले, की त्या दोन्हींच्या जोडीला मुदतीच्या कायद्याच्या कलम ५ खाली विलंब माफीचा तिसरा अर्ज. शेवटचा दिवस सुट्टीचा निघाला तर कोर्ट उघडेल त्या दिवशी अर्ज चालतो, पण तिथपर्यंत ताणूच नका.

जुनी प्रकरणं असलेल्यांसाठी एक गोष्ट. करोनाच्या काळात सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीच्या मोजणीतून वगळला होता. त्या दोन वर्षांत गेलेल्या कुणाचे वारस लावायचे राहिले असतील तर उशिराचा हिशोब करताना हे वकिलांच्या नजरेला आणून द्या. कित्येक महिने त्यातच निघून जातात.

पायरी ३: कागद, आणि कोणत्या कागदाची वाट बघायची नाही

मृत्यूचा दाखला लागतो. मृत्यूची नोंद २१ दिवसांत करायची असते, गावात ग्रामपंचायतीत आणि शहरात नगरपालिका किंवा महापालिकेत. दाखल्याच्या चार-पाच प्रती एकदमच काढा. दिवसकार्याच्या धावपळीत हे काम घरातल्या एका माणसावर सोपवलेलं बरं. सामनेवाल्याचा दाखला तुम्हाला कुणी हातात देणार नाही. तेव्हा मृत्यूची तारीख अर्जात लिहून शपथपत्र द्यायचं आणि दाखला नंतर मिळवायचा.

दाखल्याशिवाय सगळ्या वारसांची यादी लागते: पूर्ण नाव, वय, धंदा, पत्ता आणि मयताशी नातं. सोबत अर्जदाराचं शपथपत्र आणि वारसांचं नवं वकीलपत्र. पक्षकार गेला की त्याने दिलेलं वकीलपत्र संपतं. वकील तेच ठेवणार असाल तरी सह्या नव्याने कराव्या लागतात. कुणी पुण्यात, कुणी दुबईत, कुणी अमेरिकेत असेल तर सह्या जमवण्यातच महिना जातो. त्यांच्या कुलमुखत्यारपत्राची सोय आधीच बघा. पण सगळ्यांच्या सह्यांसाठी अर्ज रोखून धरू नका. हजर असलेल्या एका वारसाने सगळ्यांची नावं दाखवून वेळेत अर्ज दिला तरी मुदत सांभाळली जाते.

आता वाट कशाची बघायची नाही ते सांगते. लोकांना वाटतं, आधी कोर्टातून वारस दाखला काढायचा आणि मग तो अपिलात लावायचा. आपल्याकडे १८२७ च्या मुंबई रेग्युलेशन ८ खाली तसा दाखला मिळतो आणि बँकेच्या किंवा महसुलाच्या कामी तो उपयोगीही पडतो. पण अपिलात वारस लावायला तो लागत नाही. जाहीर नोटीस, हरकतीची मुदत, पुरावा यात ९० दिवस कधी निघून जातात कळत नाही. फेरफार मंजूर होण्यासाठीही थांबायचं कारण नाही.

पायरी ४: वारस कोण? इथे घाई करू नका

खरी भानगड इथेच होते.

ते गृहस्थ आले होते ना, त्यांच्या उताऱ्यावर तीन नावं होती. मी विचारलं, "बहीण नाही का तुम्हाला?" ते क्षणभर थांबले. "आहे एक. बार्शीला दिलीय. पण तिचं काय, ती हक्कसोड देणार आहे."

देणार आहे, म्हणजे दिलेला नाही. आणि दिला असता तरी कोर्टापासून तिचं नाव लपवायचं कारण नव्हतं. हिंदू वारसा कायदा, १९५६ प्रमाणे पुरुष मृत्युपत्र न करता वारला की मुलगा, मुलगी, विधवा आणि आई हे सगळे पहिल्या वर्गाचे वारस असतात. मुलगा किंवा मुलगी आधीच वारलेली असेल तर तिची मुलं आणि वारलेल्या मुलाची विधवाही त्यात येते. मुलगी लग्न होऊन कुठेही नांदत असली तरी वारस ती वारसच. वडिलोपार्जित मिळकतीत २००५ च्या दुरुस्तीने तिला जन्मतः सहदायाद, म्हणजे मुलासारखीच हिस्सेदार, केलं आहे, आणि त्यासाठी २००५ मध्ये वडील हयात असण्याची गरज नाही हे सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये विनीता शर्मा प्रकरणात स्पष्ट केलं. मयताची आई हयात असेल तर तिचंही नाव राहून जातं, कारण घरातले सगळे तिच्याकडे 'आजी' म्हणून बघतात, वारस म्हणून नाही.

बाई वारली तर क्रम वेगळा. मुलं, मुली आणि नवरा आधी येतात. मुसलमान पक्षकारांना त्यांचा वैयक्तिक कायदा लागतो, ख्रिस्ती पक्षकारांना भारतीय उत्तराधिकार कायदा, १९२५.

गोव्याचं पुन्हा निराळं. तिथे पोर्तुगीज काळापासून चालत आलेल्या समान नागरी कायद्यामुळे, लग्नाच्या वेळी वेगळा करार केलेला नसेल तर, नवरा-बायकोची मिळकत सामायिक धरतात. म्हणून गोव्यातल्या जमिनीच्या कामात वारसाबरोबर त्याच्या जोडीदाराचंही नाव लावतात. महाराष्ट्रातून गोव्यातलं अपील चालवणाऱ्यांच्या यादीत सून आणि जावई नसतात आणि तिथेच हरकत येते.

मृत्युपत्र असेल तर ज्याच्या नावे मिळकत आहे तोही कायदेशीर प्रतिनिधी होऊ शकतो. संहितेच्या कलम २(११) मधली व्याख्या रुंद आहे: मयताच्या मिळकतीचं कायद्याने प्रतिनिधित्व करणारा माणूस, आणि त्या मिळकतीत हात घालून बसलेलासुद्धा. मृत्युपत्रावरून घरात वाद असेल तर दोन्ही बाजूंची नावं कोर्टापुढे ठेवा आणि वाद आहे असं अर्जात सरळ लिहा.

वारस अज्ञान, म्हणजे १८ वर्षांखालचा असेल तर त्याच्या नावापुढे पालनकर्त्याचं नाव लागतं, सहसा आईचं. एखादा वारस रुसला आहे, सही करत नाही, असंही होतं. त्याला सामनेवाला म्हणून जोडता येतं. तो रेकॉर्डवर असणं महत्त्वाचं, तो कोणत्या रांगेत आहे हे नंतरचं.

कसून चौकशी करूनही एखादा वारस राहिला तर? प्रामाणिकपणे शोध घेऊन काही वारस आणले असतील तर ते मयताच्या सगळ्या मिळकतीचं प्रतिनिधित्व करतात आणि अपील अबेट होत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये दया राम विरुद्ध श्यामसुंदरी या निकालात धरलं आहे. मात्र या आधाराला प्रामाणिकपणाची अट आहे. सख्खी बहीण माहीत असून वगळली असेल तर तो आधार मिळत नाही. बहिणीला वगळू नका हे मी दर पक्षकाराला सांगते. त्यात कायद्याची बाजू आहेच, शिवाय ते तिचं घरही आहे.

पायरी ५: अर्ज द्या आणि तो शेवटपर्यंत न्या

अर्जात अपिलाचा नंबर, मयताचं नाव आणि त्याचा पक्षकार क्रमांक, मृत्यूची तारीख, वारसांची यादी, हक्क वारसांकडे येतो हे सांगणारं एक वाक्य आणि विनंती, एवढं पुरे. उशीर झाला असेल तर उशिराची हकिकत दिवसांच्या हिशोबासह लिहायची. मुदत उलटलेली असताना नुसता वारस लावण्याचा अर्ज गेला आणि अबेटमेंट रद्द करण्याची ओळ राहिली, तरी सगळं गेलं असं समजू नका. मुंबईतून गेलेल्या मिठाईलाल दळसंगर सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये सांगितलं की वारस लावण्याच्या विनंतीतच ती विनंती आली असं धरता येतं. तरीही ओळ लिहा. दहा शब्दांसाठी सर्वोच्च न्यायालयाचा निकाल दाखवायची वेळ कशाला आणायची?

अर्ज दिल्यावर समोरच्याचं म्हणणं मागवतात. वारस सामनेवाल्याचे असतील तर त्यांना नोटीस निघते. तिची प्रोसेस फी वेळेत भरा आणि पत्ते नीट द्या. "मु. पो. अमुक" एवढ्यावर बेलिफ परत येतो.

वारस कोण यावर वाद निघाला तर नियम ५ प्रमाणे तो प्रश्न कोर्टाने ठरवायचा असतो. अपील कोर्ट तो खालच्या कोर्टाकडे पाठवून पुरावा आणि निष्कर्ष मागवू शकतं. हा वाद अपील ऐकण्याआधी मिटवायला हवा, सगळ्यांना तात्पुरतं घेऊन नंतर बघू असं करता येत नाही, हे जलादी सुगुणा प्रकरणात २००८ मध्ये सांगितलं गेलं. इथे जो वारस ठरतो तो या अपिलापुरता. मिळकतीवरच्या मालकीचा निकाल त्यातून लागत नाही.

अर्ज मंजूर झाला की लोक पेढे घेऊन येतात. पण काम तेव्हाही संपलेलं नसतं. हुकुमाप्रमाणे अपिलाच्या मेमोत, म्हणजे अपिलाच्या मूळ अर्जात, दुरुस्ती करायची असते, आणि तीही कोर्टाने दिलेल्या मुदतीत. लाल शाईने जुन्या नावापुढे 'मयत, तर्फे वारस' असं येतं, आणि खाली १-अ, १-ब, १-क अशी नावं. तारीख, वकिलाची सही. ते पान स्वतःच्या डोळ्यांनी बघा. मंजूर हुकूम फाईलमध्ये आणि दुरुस्ती कागदावर नाही अशी अपिलं मी पाहिली आहेत, आणि ती ऐन युक्तिवादाच्या दिवशी अडतात. मग ई-कोर्ट्सच्या ॲपवर सीएनआर, म्हणजे केसचा अक्षरं आणि अंक मिळून सोळा चिन्हांचा नंबर टाकून नवी नावं चढली का तेही पाहून घ्या.

एकापेक्षा जास्त पक्षकार असतील तर

जमिनीच्या अपिलात दोन्हीकडे मिळून वीस-पंचवीस नावं असणं नवलाचं नाही. त्यातला एक गेला आणि त्याचे वारस आले नाहीत, तर अपील त्याच्यापुरतं बुडतं की सगळंच?

याची कसोटी एआयआर या निकालसंग्रहात १९६२ मध्ये छापलेल्या पंजाब राज्य विरुद्ध नाथू राम या निकालात आहे. दोन भावांच्या नावे एकत्र हुकूमनामा होता. त्यांतला एक सरकारच्या अपिलात वारला आणि वारस आणले नाहीत. मयत भावापुरता हुकूमनामा कायम झाला. मग जिवंत भावाविरुद्ध अपील चालवून वेगळा निकाल दिला तर एकाच जमिनीबद्दल दोन उलटसुलट हुकूमनामे होणार. म्हणून सगळं अपीलच चालू शकलं नाही. वाटपाच्या कामात हे फार लागू पडतं, कारण तिथे सगळे सहहिस्सेदार लागतातच. एका चुलतभावाचे वारस राहिले आणि पूर्ण अपील बुडालं, असं होतं.

प्रत्येकाचा हक्क वेगळा आणि स्वतंत्र असेल, जसा भूसंपादनात ज्याच्या त्याच्या गटाचा मोबदला, तर मयतापुरतंच अपील अबेट होतं. सरदार अमरजितसिंग कालरा प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २००२ मध्ये याकडे उदारपणे बघायला सांगितलं. तुमचं अपील कोणत्या बाजूचं हे ठरवणं वकिलाचं काम. तुमचं काम, यादीतला कुणीही गेला तरी कळवायचं, मग तो पंधराव्या क्रमांकाचा, कधी कोर्टात न दिसलेला का असेना. असा सामनेवाला गैरहजरच राहिला असेल तर त्याचे वारस आणण्यातून सूट मागता येते (नियम ४(४)), पण ती निकालाआधी मागून घ्यावी लागते.

उशीर झालाच असेल तर

घाबरून घरी बसू नका. कोर्ट या बाबतीत कठोर नसतं, निष्काळजीपणा आणि लबाडी दिसली तरच कठोर होतं. पेरुमोन भगवती देवस्वम प्रकरणात, २००८ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने एक व्यवहारी गोष्ट मान्य केली: उच्च न्यायालयात अपील दाखल करून घेतल्यावर वर्षानुवर्षं तारीख लागत नाही, तेव्हा सगळे सामनेवाले हयात आहेत का याची अपीलकर्त्याने रोज चौकशी करत राहावं अशी अपेक्षा नाही. मुंबईत, नागपूरला, छत्रपती संभाजीनगरला, गोव्यात पर्वरीला किंवा ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेल्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचपुढे ज्यांची दुसरी अपिलं, म्हणजे पहिल्या अपिलाच्या निकालावरची अपिलं, पडून आहेत त्यांना हा निकाल फार उपयोगी आहे. जिल्हा न्यायालयात, जिथे दर महिन्याला तारीख पडते, तिथे तेवढी सवलत गृहीत धरू नका.

उशिराचं कारण खरं लिहा. "आजारी होतो" असं लिहून खोटा दाखला लावण्यापेक्षा "सातबाऱ्यावर नाव लागलं म्हणजे झालं असं वाटलं" हे खरं कारण शपथपत्रावर लिहिलेलं मला जास्त कामाला आलं आहे.

तोवर एक धोका लक्षात ठेवा. अपील अबेट झालं की त्यात मिळालेली स्थगितीही गेली. समोरचा दरखास्त, म्हणजे निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल करून ताबा मागू शकतो. म्हणून अर्जाबरोबर स्थगितीचाही अर्ज द्या.

उलट तुम्ही जिंकलेले असाल आणि दरखास्त चालू असताना कुणी वारलं तर ऑर्डर २२ मधली ही ९० दिवसांची भीती तिथे नाही. नियम १२ ने दरखास्तीला वगळलं आहे. वारस तिथेही आणायचे, पण दरखास्त त्यावाचून आपोआप बुडत नाही.

काही अडनिड्या वेळा

युक्तिवाद संपला, निकाल राखून ठेवला आणि मग पक्षकार गेला, तर अबेट होत नाही. निकाल देता येतो.

खालचा निकाल लागल्यावर, अपील करण्याआधीच माणूस गेला, तर अपील वारसांनी स्वतःच्या नावाने करायचं. मुदत जिल्हा न्यायालयात ३० दिवस, उच्च न्यायालयात ९० दिवस. समोरचा माणूस आधीच वारलेला असताना चुकून त्याच्याच नावावर अपील केलं गेलं, तर तिथे ऑर्डर २२ लागत नाही. ती चूक वेगळ्या अर्जाने सुधारायची असते, तेव्हा कळताक्षणी वकिलाला सांगा.

मयताला कुणीच वारस नसेल तर नियम ४-अ खाली कोर्ट एखाद्या अधिकाऱ्याला किंवा योग्य माणसाला त्याच्या मिळकतीच्या वतीने नेमू शकतं.

आणि मृत्यू लपवून अपील पुढे चालवलं तर? मयताच्या बाजूने किंवा विरुद्ध दिलेला हुकूमनामा शून्य ठरतो. गुरनाम सिंग विरुद्ध गुरबचन कौर प्रकरणात, २०१७ मध्ये, उच्च न्यायालयातला दुसऱ्या अपिलाचा निकाल याच कारणावरून गेला. जिंकूनही हातात काही राहत नाही.

त्या गृहस्थांचं पुढे काय झालं ते सांगते. बार्शीहून बहिणीला बोलावलं. तिघं भावंडं आणि आई, असे चार वारस लावले. सोबत अबेटमेंट रद्द करण्याचा आणि विलंब माफीचा अर्ज दिला. समोरच्यांनी कडाडून हरकत घेतली. कोर्टाने खर्चाची रक्कम भरायला लावून उशीर माफ केला आणि अपील पुन्हा बोर्डावर आलं. आई १-अ, मोठा भाऊ १-ब, ते १-क, बहीण १-ड.

यंदा फेब्रुवारीत त्यांचा फोन आला. सकाळचे आठ वाजले असतील, मागून घरातल्या माणसांचे आवाज येत होते. "मॅडम, आई गेली. परवा. १-अ होती ती. अर्ज कधी करायचा?"

त्यांच्या आईची मुलं तिघंही आधीच रेकॉर्डवर होती. मयताचे वारस दुसऱ्या नात्याने आधीच पक्षकार असतील तर अपील अबेट होत नाही, हे महाबीर प्रसाद विरुद्ध जगे राम या १९७१ च्या निकालापासून स्थिर आहे. नुसती नोंद करून घ्यायची असते. मी त्यांना म्हटलं, घाई नाही, आधी आईचं सगळं नीट करा, आणि तेराव्यानंतर दाखला घेऊन बहिणीसोबत या. आईच्या आई-वडिलांकडून आलेली काही वेगळी मिळकत आहे का, तेवढं येताना विचारून या.